बारा नंबर

शीतगृहात त्याला सगळे स्वेटरभाऊ म्हणायचे. नाव ठेवणाऱ्यानं फार डोकं चालवलं नव्हतं. माणूस बारा महिने स्वेटर घालून असायचा, एवढंच. उन्हाच्या काहिलीत लोकांना अंगातला शर्टही नकोसा झालेला असताना हा पूर्ण बाह्यांचा करडा स्वेटर घालून बसथांब्यावर उभा राहायचा, आणि घाम बघणाऱ्यांना फुटायचा. कोणी विचारलंच तर म्हणायचा, "हाडात शिरलीय थंडी. ती काय उन्हानं निघतेय?" ज्यानं उभी हयात माशांच्या, मटारच्या आणि लोण्याच्या खोक्यांमध्ये तोंडातून वाफ सोडत काढली, त्याच्याशी यावर वाद घालण्यात अर्थ नव्हता.

त्याची बायको इस्पितळाच्या धुलाईघरात कामाला होती, आणि तिथे सगळं नेमकं उलटं. मोठमोठ्या पिंपांतून उकळत्या पाण्यातल्या चादरी बाहेर यायच्या, त्यांवर गरम रूळ फिरायचा, आणि दोन-दोन बायका समोरासमोर उभ्या राहून, टोकाला टोक जुळवत, दिवसभर घड्या घालायच्या. संध्याकाळी घरी आली की तिच्या बोटांची टोकं उकडलेल्या भाजीसारखी मऊ आणि सुरकुतलेली असायची. "एक गोठतो, एक शिजते," स्वेटरभाऊ म्हणायचा. "दोघांना एकत्र ठेवलं तर बेताचं तापमान येईल. पण ठेवायचं कधी?"

हा विनोद नव्हता, हकीकत होती. तो रात्रपाळी संपवून यायचा तेव्हा ती निघालेली असायची. भेट व्हायची ती जिन्यात. तो वर चढतोय, ती खाली उतरतेय, मध्ये एक वळण, आणि त्या वळणावर काय तो संसार. "आमटी झाकून ठेवलीय." "गॅसवाला येऊन गेला का?" "पाणी भरून ठेवा, दुपारी जातंय." संध्याकाळी ती यायची तेव्हा हा डबा पिशवीत घालत असायचा. एकत्र चहा व्हायचा, तोही अर्धा उभ्यानं. सुट्ट्यासुद्धा वेगवेगळ्या वारी. एका खोलीत पाळीपाळीनं राहणारे दोन भाडेकरू असावेत, असं त्यांचं चाललं होतं, आणि कोणाचीच काही तक्रार नव्हती. मला विचाराल तर तीच मोठी तक्रारीची गोष्ट होती.

अशा या घरात, पन्नाशीला टेकलेल्या जोडप्याच्या टीव्हीखाली, गेमचा डबा आला. स्वेटरभाऊचा भाचा दूरच्या नोकरीवर निघाला, त्याची खोली रिकामी झाली, आणि फेकायला जीव होईना म्हणून त्यानं तो मामाकडे आणून टाकला. आत एकच गेम होता, फुटबॉलचा. पण नुसता चेंडू लाथाडायचा नव्हे. एका गावातली एक शाळा असते, तिच्याकडे संघच नसतो. आपण गावात हिंडायचं, लोकांशी बोलायचं, पाववाल्याचा मुलगा, पुलाखाली एकटाच चेंडू मारणारा लंगडा, दुकानात बिस्किटं चोरणारी पोरगी अशांना गोळा करायचं, समजावायचं, सराव घ्यायचा, आणि एकेका शाळेला हरवत पुढे जायचं. मधूनमधून गोष्ट. गोष्ट म्हटल्यावर बायको आधी अडकली. सुट्टीच्या दिवशी धूळ पुसायला म्हणून खाली वाकली, ती दिवेलागणीलाच उठली.

स्वेटरभाऊला दुसऱ्या दिवशी सकाळी टीव्हीसमोर चहाचा कप दिसला. त्यानं डबा चालू केला. पडद्यावर एकच खेळ जपून ठेवलेला होता, तिचा. गेममध्ये सेव्ह करायला जागाच एक होती. त्यानं तो उघडला आणि ती जिथे थांबली होती तिथून पुढे खेळायला लागला. संध्याकाळी चहा ढवळता ढवळता तिनं विचारलं, "तुम्ही पाववाल्याच्या पोराला संघातून काढलंत?"

"पळत नाही तो."

"त्याला घ्यायला मी किती मिनतवाऱ्या केल्या माहितीये का?"

बऱ्याच वर्षांत एवढं लांबलचक भांडण त्या घरात झालं नव्हतं. दोघांनाही बरं वाटलं असणार, कारण तेव्हापासून तो खेळ दोघांचा झाला. सकाळी झोपेआधी तो थोडा खेळायचा आणि ठेवून द्यायचा. संध्याकाळी तो गेल्यावर ती पुढे न्यायची. जिन्यातल्या बोलण्यात आता आमटी आणि गॅसवाल्याच्या जोडीला दुसरी माणसं आली. "तळ्यामागच्या शाळेला हरवलं. गोलकीपरचा पाय दुखावलाय, त्याला आज बसवा." "त्या उंच पोराशी बोललात का? रुसलाय तो." तळमजल्यावरच्या म्हाताऱ्या शिक्षकांची पक्की समजूत झाली होती की हे दोघं कुठल्यातरी शाळेत मुलांना फुकट खेळ शिकवतात. ते त्यांना मोठ्या आदरानं नमस्कार करायचे. दोघांनीही त्यांची समजूत तशीच राहू दिली.

गोष्ट थोडी पुढे गेल्यावर गेम आपल्याला स्वतःचा एक खेळाडू घडवू देतो. मुलगा की मुलगी, केस कसे, डोळे कसे, नाव काय, सगळं आपण ठरवायचं. असा खेळाडू एकदाच घडवता येतो. स्वेटरभाऊ एका सकाळी संघाची यादी उघडून बसला तर तळाशी एक नवी मुलगी होती. पाठीवर बारा नंबर. आणि नाव वाचलं तेव्हा त्याच्या हातातला रिमोट खाली आला.

त्यांची मुलगी आठव्या महिन्यात, जन्माच्या आधीच गेली होती. खूप वर्षं झाली त्याला. नाव दोघांनी ठरवून ठेवलं होतं. मग नातेवाइकांनी सांगितलं, विसरा, अजून होईल. अजून काही झालं नाही, आणि विसरायचं कसं ते सांगायला कोणी परत आलं नाही. दोघांनी मूग गिळले. तो जास्तीच्या पाळ्या करायला लागला. तिनं घरी बसून डोकं फिरेल म्हणून नोकरी धरली, आणि धरली तीही त्याच इस्पितळात. लोकांनी विचारलं, तिथेच कशी जाऊ शकतेस? ती म्हणाली, पगार वेळेवर होतो. स्वेटरभाऊनं तेवढंही विचारलं नाही.

त्या सकाळी तो उठून मोरीत गेला, तोंडावर पाणी मारलं, परत येऊन बसला. मग त्यानं बारा नंबरला मैदानात नेलं आणि पळण्याचा सराव दिला. दुसरं काय करणार? बाप होता.

दुसऱ्या दिवशी जिन्याच्या वळणावर तो म्हणाला, "नवीन पोरगी पळते बरी."

बायको थांबली. तिनं कठड्याला धरलं. "हो," ती म्हणाली, "पण लवकर दमते." आणि बस चुकेल म्हणून उतरून गेली.

त्यानंतर त्यांच्या घरात बारा नंबर राहायला आली, असंच म्हणायला हवं. काल बारा नंबरनं गोल केला. बारा नंबरला दोन दिवस विश्रांती देऊ या. बारा नंबरला तो पाववाल्याचा पोरगा चेंडूच देत नाही, बघून ठेवलंय मी. ती तिला मागे, बचावात ठेवायची, जिथे धक्काबुक्की कमी. हा तिला पुढे आणायचा. सकाळी पुढे, संध्याकाळी मागे. "पोर काय काचेची आहे का?" तो जिन्यात म्हणायचा. "तुम्हाला काय जातंय," ती म्हणायची, "पडते ती." शेवटी पोरीला मधल्या फळीत ठेवण्यावर तडजोड झाली, आणि आईबापांच्या बहुतेक भांडणांसारखी ती कोणालाच फारशी पटलेली नव्हती.

स्वेटरभाऊ तिच्याकडे बघायचा तो आकड्यांतून. वेग, ताकद, दम, चेंडूवरचा ताबा. हे सगळे आकडे त्याला तोंडपाठ होते. कोणता सराव दिला की कोणता आकडा किती चढतो, याचा हिशोब तो लोण्याची खोकी लावता लावता मनात करायचा आणि गालातल्या गालात हसायचा. मैदानात ती अंगठ्याएवढी दिसायची: काळं डोकं, पांढरा सदरा, पाठीवर बारा. खेळाडूचा चेहरा मोठा करून दाखवणारं एक पान होतं, पण त्या पानावर करण्यासारखं काही नव्हतं, म्हणून तो ते उघडत नसे. म्हणून, की दुसऱ्या कशानं, हे त्याचं त्याला माहीत.

त्या वर्षी ती दोघं सुखी होती. मी हा शब्द जपून वापरतोय, पण होती.

मग शेवटचा सामना आला. समोर राजधानीच्या शाळेचा संघ, आणि त्यांचा गोलकीपर म्हणजे नुसती भिंत. तो हरला. ती हरली. सराव वाढवला, माणसं बदलली, परत हरले. त्या गेममध्ये हरलेल्या संघातला सगळ्यात दमलेला खेळाडू शिट्टी वाजल्यावर मैदानातच खाली बसतो, आणि दमायला तर बारा नंबरच पुढे. एका सकाळी जिन्यात बायको म्हणाली, "आता मी तो सामना खेळणार नाही. तुम्हाला खेळायचा तर खेळा. ती तिथे खाली बसते आणि बाकीची पोरं निघून जातात. मला बघवत नाही."

हे ऐकलं आणि स्वेटरभाऊच्या मनानं घेतलं की हा सामना जिंकायचाच. बायकोसाठी त्याला आजवर काही करता आलं नव्हतं असं त्याला वाटायचं, आणि ते फारसं चूकही नव्हतं. त्यानं शीतगृहातल्या ट्रॉलीवाल्याला विचारलं. ट्रॉलीवाला तरणा, लग्नाळू, आणि जगातल्या प्रत्येक गेमबद्दल मत असलेला.

"एवढं सोपंय, भाऊ," ट्रॉलीवाला म्हणाला. "लोक आपापल्या सेव्ह फायली नेटवर टाकतात. सगळ्यात भारी खेळाडू मिळवून ठेवलेले असतात. आपण उतरवून घ्यायच्या. तुमच्या गेमची बघतो, पेनड्राइव्हवर देतो. डब्याला लावा, कॉपी करा, झालं."

"त्यातला एक गोलकीपर आणि एक पुढचा मिळाला तरी पुरे."

"एक कशाला, अख्खा संघ घ्या."

ट्रॉलीवाल्यानं मनापासून मदत केली, हे मान्य करायला हवं. आधी जुन्याची एक प्रत काढून ठेवा, हे तो सांगायला विसरला, कारण त्याच्या लेखी ते श्वास घ्या म्हणून सांगण्यासारखं होतं. आणि स्वेटरभाऊला दुसरं एक माहीत होतं. शीतगृहात नवा माल आला की जुन्या मालाला धक्का लागत नाही. जुना पुढे ओढायचा, नवा त्याच्यामागे लावायचा, आणि दोन्ही एकाच खोलीत राहतात. जुना माल टाकून त्या जागी नवा ठेवणारा माणूस त्यानं सगळ्या नोकरीत पाहिला नव्हता. पाहिला असता तर साहेबांकडे नेला असता. म्हणून सकाळी घरी आल्यावर, पेनड्राइव्ह लावल्यावर, पडद्यावर प्रश्न आला की इथे आधीच एक खेळ ठेवलेला आहे, त्या जागी हा ठेवायचा का, तेव्हा तो अजिबात घुटमळला नाही. त्यानं हो म्हटलं.

गाव तेच होतं. तेच तळं, तोच पूल. संघ उघडला तर सगळ्यांचे आकडे टोकाला पोचलेले, कपाटात सगळे चषक. नावं कुठल्यातरी भलत्याच लिपीत. बारा नंबरचा सदरा हिरव्या केसांच्या एका धिप्पाड पोराच्या अंगात होता.

तो म्हणाला, ठीक आहे, आपली मंडळी मागे असतील. त्यानं राखीव खेळाडू बघितले. बाकावरचे बघितले. शाळेच्या प्रत्येक वर्गात गेला, गावातल्या प्रत्येक दारात जाऊन विचारलं. पाववाल्याच्या दुकानातला पाववाला त्याला ओळखीचं हसला आणि रोजचंच वाक्य बोलला. मग त्यानं ट्रॉलीवाल्याला फोन लावून झोपेतून उठवलं.

"जुन्याची कॉपी ठेवली होती ना?" ट्रॉलीवाला म्हणाला.

"नाही."

"मग गेलं ते, भाऊ."

"गेलं म्हणजे कुठे गेलं?"

"कुठे म्हणजे... कुठेच नाही. गेलं."

स्वेटरभाऊनं फोन ठेवला आणि तो तसाच जमिनीवर बसून राहिला. त्याला इस्पितळातला तो बोळ आठवला. बायकोला अजून शुद्ध आली नव्हती. एक नर्स बाहेर आली, हळू आवाजात म्हणाली, मुलगी होती, बघायचीय का, आणू का? त्याला वाटलं, बघितलं तर आपण मोडून पडू आणि मग बायकोला सावरायचं कोणी. तो नको म्हणाला. घेऊन जा म्हणाला. बायकोला त्यानं हे कधी सांगितलं नाही. तिला सांगितलं की दाखवतच नाहीत. आणि आता परत, कोणीतरी विचारलं आणि यानंच उत्तर दिलं. पोर दोनदा गेली आणि दोन्ही वेळा आपल्याच तोंडातून निघालेल्या शब्दानं गेली, असं त्याला वाटलं, आणि त्याला समजवायला तिथे कोणी नव्हतं.

सरळ माणसं खोटं बोलायला लागली की फार वाईट बोलतात. त्यानं डब्याची वायर काढली, पिशवीत घातली आणि संध्याकाळी बायकोला सांगितलं की वायर जळली, दुरुस्तीला दिलीय. रोज ती वायर त्याच्याबरोबर शीतगृहात जायची आणि सकाळी परत यायची. ती कामावर गेली की तो वायर जोडायचा आणि पहिल्यापासून खेळायचा. रिकामी शाळा, पहिला खेळाडू, पाववाल्याच्या पोराच्या मिनतवाऱ्या. गोष्ट पाठ होती, म्हणून संवाद न वाचता पुढे पळवायचा. झोप नावाची गोष्ट राहिली नाही. कामावर त्यानं लोण्याची खोकी माशांच्या खोलीत लावली, आणि साहेब, ज्यांनी त्याला कधी अरे म्हटलं नव्हतं, ते सगळ्यांसमोर म्हणाले, "स्वेटरभाऊ, डोकं कुठे ठेवून येताय?"

जिन्यात बायको विचारायची, "मिळाली का वायर?"

"उद्या देतो म्हणालाय."

"बारा नंबर नुसती बसून असेल इतके दिवस," ती म्हणायची. ती हे थट्टेनं म्हणायची, आणि हा कठडा धरून वर जायचा.

खेळाडू घडवायची वेळ आली तेव्हा नाव त्यानं पटकन लिहिलं. नंबर बारा. मग गेमनं विचारलं, डोळे? पुढे डोळ्यांच्या जोड्या मांडल्या होत्या, मोठे, बारीक, खाली झुकलेले. त्यानं एकेक बघितले. आठवेना. कपाळ? आठवेना. हनुवटी कशी होती, गोल की टोकदार? वर्षभर त्या पोरीला त्यानं पळवलं, घडवलं, तिच्यासाठी भांडला, आणि तिचा चेहरा त्यानं धड पाहिलाच नव्हता. तो तिथे थोडा रडला. मग डोळे पुसून त्यानं बरे दिसतील ते डोळे निवडले, कपाळ मोकळं, हनुवटी गोल, आणि स्वतःला सांगितलं की मैदानात ती अंगठ्याएवढीच दिसते, कोण बघतंय. आकडे मात्र त्यानं तंतोतंत जुळवले. वेग तोच, दम तोच, जेवढा होता तेवढाच कमी. त्याला वाटलं, पोर परत आली.

बायकोच्या सुट्टीच्या आदल्या दिवशी वायर दुरुस्त होऊन आली.

सुट्टीच्या दिवशी दुपारी ती टीव्हीसमोर खाली बसली. तो पलंगावर, तोंडावर पांघरूण, झोपेचं सोंग घेऊन. गेमचं सुरुवातीचं संगीत वाजलं. बटणांचे आवाज झाले. मग आवाज थांबले, आणि थांबलेलेच राहिले.

"अहो," ती म्हणाली.

"हं."

"ही कोण?"

त्यानं पांघरूण काढलं. पडद्यावर ते पान होतं, त्यानं कधीच न उघडलेलं चेहऱ्याचं पान. "कोण म्हणजे?" तो म्हणाला. "बारा नंबर."

"नंबर दिसतोय मला. ही कोण आहे?"

तो उठून बसला. ती म्हणाली, "मी रोज तुम्ही गेल्यावर आधी हे पान उघडते. चहाचे कप विसळायच्या आधी. काय केलंत तुम्ही?"

मग त्यानं सांगितलं. ट्रॉलीवाला, पेनड्राइव्ह, प्रश्न आला तो, हो म्हटलं ते. वायर पिशवीत होती तेही. सांगताना तो स्वेटरच्या बाहीचा एक धागा ओढत राहिला आणि ती पडद्याकडे बघत राहिली.

"जुनी कुठेच नाही?"

"नाही."

ती बोलली तेव्हा तिच्या आवाजात राग नव्हता. राग असता तर त्याला सोपं गेलं असतं. "मी धुलाईघरात लागले ना, तेव्हा बाळंतिणींच्या वॉर्डातली म्हातारी आया खाली चादरींची गाठोडी घेऊन यायची. एक दिवस तिनं मला ओळखलं. तिनंच गुंडाळली होती तिला. मी चादरीची दोन टोकं धरून उभी, समोरची दोन तिनं धरली, आणि घडी घालता घालता सगळं सांगितलं. केस भरपूर होते म्हणाली, पार कपाळावर आलेले. डोळे मिटलेले, पण लांब. नाक जरा बसकं. आणि हनुवटीला मध्ये खाच, बापासारखी. म्हातारी आता नाही. मी या खेळात जशीच्या तशी केली होती तिला. तेवढीच होती."

स्वेटरभाऊचा हात आपोआप हनुवटीकडे गेला. "मला का नाही सांगितलंस?"

"तुम्हाला बघायची नव्हती ना." ती त्याच्याकडे वळली. "आयानं तेही सांगितलं मला. आणू का विचारलं तर नको म्हणालात."

म्हणजे तिला माहीत होतं. जिन्यातल्या प्रत्येक सकाळी, प्रत्येक चहाला, आमटी झाकून ठेवलीय म्हणताना, तिला माहीत होतं. त्याला जमिनीनं पोटात घ्यावं असं वाटलं. "मला वाटलं, बघितली तर मी उभा राहू शकणार नाही," तो म्हणाला. "मग तुझ्याकडे कोणी बघायचं?"

"मी बेशुद्ध होते," ती म्हणाली. "दोघांपैकी एकानं तरी बघायला हवी होती."

तो पलंगावरून उतरला आणि तिच्याशेजारी जमिनीवर बसला. खाली कोणाच्या तरी घरी कुकरच्या शिट्ट्या झाल्या. तिनं रिमोट त्याच्या हातात दिला.

"चेहरा बदलता येतो," ती म्हणाली. "मी सांगते. तुम्ही करा."

ती सांगत गेली आणि तो करत गेला. केस पुढे घ्या. अजून पुढे, भुवयांपर्यंत. डोळे ते नव्हेत, त्याच्या खालचे. नाक बसकं, एवढं नाही. प्रत्येक वेळी ती पडद्यापासून जराशी मागे सरकून बघायची, मान तिरकी करून, जशी धुतलेल्या चादरीवर डाग राहिलाय का बघायची. हनुवटीला आल्यावर तिनं नुसतं त्याच्या हनुवटीकडे बघितलं. त्यानं एकेक करून सगळ्या बघितल्या आणि खाचेची सापडली ती लावली.

"अशीच?" त्यानं विचारलं.

"अशीच होती म्हणे."

पडद्यावरून ती मुलगी दोघांकडे बघत होती. गेममधले चेहरे पापणी मिटतात तशी मधूनमधून पापणी मिटत होती. स्वेटरभाऊनं तिच्याकडे बघितलं. आकडे बघितले नाहीत. कपाळ बघितलं, केस, नाक, आपली हनुवटी. डोळे भरून यायचे, पुसायचा आणि परत बघायचा. बायकोनं घाई केली नाही. खिडकीतलं ऊन भिंतीवरून सरकून कपाटावर गेलं.

"बघितलीत?" तिनं विचारलं.

"बघितली."

"नीट?"

"हो."

तिनं त्याच्या हातातून रिमोट घेतला. बाहेर पडायचं बटण दाबलं तसा पडद्यावर प्रश्न आला, केलेले बदल सेव्ह करायचे का. तो तिच्या तोंडाकडे बघत राहिला. ती नाही म्हणाली. "बघितली ना दोघांनी," ती पुटपुटली, "आता जाऊ दे." मग तिनं डबा बंद केला, आणि बंद टीव्हीसमोर, इतक्या वर्षांत पहिल्यांदाच एकमेकांच्या देखत, दोघं मोठ्यानं रडली.